दीड इंची गंगा

जमिनीखालून पाणी कसं न्यावं हे मला उपजतच कळतं, असं माझं ठाम मत होतं. होतं म्हणजे, एकसष्ट सालच्या अक्षय तृतीयेपर्यंत होतं!

आता तुम्हीच सांगा. मी संस्कृतचा प्राध्यापक. भगीरथाने गंगा कशी खाली आणली हे दरसाल वर्गात शिकवणारा. वर जात्यावरच्या ओव्या गोळा करण्याचा नाद, आणि त्या ओव्यांतली निम्मी दुःखं पाण्याच्या हंड्याची. पाण्याचं एवढं अंतःकरण ज्याला ठाऊक, त्याला रस्त्यापासून स्वयंपाकघरापर्यंत एक पाइप टाकणं काय जड?

आमचं घर जयपुरात, सी-स्कीम नावाच्या नव्या वस्तीच्याही पलीकडे. तिथे तेव्हा माणसं कमी आणि मोर जास्त. घर झालं, गच्ची झाली, पाणी मात्र नव्हतं. माझी बायको मालन कृष्णाकाठची, वाईची. दारात नदी असलेली ती मुलगी इथे लांबच्या विहिरीवरून वाळू तुडवत हंडे आणी. तोंडातून शब्द काढत नसे. बायका बोलत नाहीत तेव्हा ओव्या होतात, हे मला पुस्तकातून ठाऊक होतं. घरात कळायला वेळ लागला.

माझे सासरे आप्पासाहेब मात्र बोलले. एकदाच आले होते. टांग्यातून उतरतात तो समोरून लेक डोक्यावर हंडा घेऊन येताना दिसली. ते त्याच टांग्यात पुन्हा चढले!

"जावईबापू, माझ्या लेकीच्या डोक्यावरचा हंडा उतरेल त्या दिवशी कळवा. तोवर तुमच्या दारात माझं पाऊल नाही."

आप्पासाहेब मामलेदार कचेरीत शिरस्तेदार होते. त्यांचा शब्द म्हणजे लाखेवर उठलेला शिक्का. तेव्हापासून ते आले नाहीत, आणि पोस्टमनची सायकल वाजली की मालनचा हात कणकेत थांबायचा.

अखेर रस्त्याखालून सरकारी नळ आला. मी बाह्या सरसावल्या!

चांदपोल बाजारातल्या दुकानात शेठजींनी माझ्यापुढे पाइपांचं स्वयंवरच मांडलं. बिडाचा पाइप टिचकी मारली तर देवळातल्या घंटेसारखा वाजे. सिमेंटचा होता, तो वृद्ध आणि विरक्त दिसत होता. एक नवाच प्रकार आला होता, काळा, प्लास्टिकचा, वेटोळं घालून कोपऱ्यात पडलेला. तो जमिनीत घालायचा तर आधी गारुडी बोलवावा लागला असता. शेवटी जस्ताचा मुलामा दिलेला लोखंडी पाइप पुढे आला. काय त्याचं तेज! हळद लागलेला नवरदेव!

"घर के लिए आधा इंच बहुत है," शेठजी म्हणाले.

"आधा इंच? शेठजी, पानी लाना है, इत्तर नहीं! डेढ़ इंच दीजिए! ऐसा पानी आए, कि जो भी आए, तृप्त होकर जाए!"

शेठजी एकदम गादीवरून उठले. त्यांनी मला हात जोडले. आतून एक भलीमोठी पितळी तोटी आणली, सिंहाच्या तोंडाची, आणि माझ्या ओंजळीत ठेवली. "यह हमारी तरफ़ से. ना मत कहिएगा."

"फुकट?" घरी मालनने विचारलं. "फुकट का दिली?"

"व्यक्तिमत्त्व!" मी म्हणालो.

"अहो, पण या पाइपातून म्हैस जाईल! सरकारी जोडणी तर करंगळीएवढी आहे."

"मालन, मन मोठं असावं आणि पाइपही."

चर खणायला मिस्त्री आला. 'जैसा हुकुम' यापलीकडे त्याला भाषा येत नव्हती, त्यामुळे आमचं फार जमलं. पण चराच्या वाटेत आमच्या कडुनिंबाचं एक मूळ आडवं आलं. मिस्त्रीने कुदळ उगारली. ज्याच्या सावलीत बसून मी ओव्या उतरवल्या, त्याचे पाय तोडू?

"रुको! वळसा घाला!"

"अहो, मग घराच्या बाजूने घाला," मालन म्हणाली.

"तिकडे मोगरा आहे!"

तेव्हा वळसा रस्त्याच्या बाजूने गेला. मोगऱ्याला पाणी घालायला आणि पाय धुवायला म्हणून त्या वळशावर मी एक उभा पाइप काढून सिंहाची तोटी बसवली. कुंपण व्हायचं होतं. ते आधी झालं असतं तर कळलं असतं की तोटी कुंपणाच्या बाहेर पडतेय! पण तेव्हा ती निंबाच्या सावलीत, ऐन रस्त्यावर, इतकी शोभून दिसत होती की मी दोनदा लांब जाऊन पाहून आलो.

समोरच्या घरातले नंदकिशोरजी आले. गोटाकिनारीचे व्यापारी, मनाने साडीच्या काठासारखे झगमगीत.

"प्रोफेसर साहब, बाज़ार में सुना, बड़ा काम उठाया है आपने!"

"अजी छोटासा."

"किसकी प्रेरणा से?"

"हमारे ससुरजी, आप्पासाहेब. उनके कारण ही सब हो रहा है."

"और शुरू कब? आखातीज को?"

"और कब! उससे अच्छा मुहूर्त कौनसा?"

नंदकिशोरजींनी उपरण्याने डोळे टिपले. मला वाटलं, धंद्यातली चमकी डोळ्यात जात असावी.

त्याच दिवशी मी आप्पासाहेबांना पत्र टाकलं. 'अक्षय तृतीयेला हंडा उतरतो आहे. यावे.' आणि खाली, राहवेना म्हणून, मालनच्या तोंडी घालून स्वतः रचलेली ओवी:

नळ आला गं बाई दारी, जसा माहेरचा भाऊ
आता हंड्याला मी माझी, मान कशाला गं देऊ!

आखातीज उजाडली. बाहेर येऊन पाहतो तो, काय सांगू! निंबाखाली गवताचं छप्पर उभं. छपराखाली लाल माठांची रांग, गळ्यात पूजेच्या मौळीचे लाल-पिवळे धागे. बायका घुंगट ओढून गाणी म्हणताहेत, भटजी आलेत, बत्तासे वाटले जाताहेत. माझा ऊर भरून आला! काय हा शेजारधर्म! एका नळासाठी एवढी माणसं! पुण्यात कुणी खिडकीसुद्धा किलकिली केली नसती.

"अहो, हे माठ कशाला?" मालन कुजबुजली.

"शकुनाचे असतील. तू शंका फार काढतेस."

मला बोलायला सांगितलं. मला बोलायला सांगू नये! मी सुरू झालो. पाणी कुणा एकाचं नसतं, तहानेला जात नसते, दारातून तहानेला परत पाठवणं यासारखं पाप नाही... हिंदीचं व्याकरण माझ्या पायाखाली चिरडलं जात होतं, पण लोक मान डोलवत होते. तेवढ्यात एक उंटगाडीवाला थांबला. मी सिंहाच्या जबड्यातून स्वतःच्या हाताने त्याच्या ओंजळीत पाणी सोडलं. टाळ्या!

नंदकिशोरजींनी हात उंचावला. "आज से यह प्याऊ चालू!"

प्याऊ. म्हणजे पाणपोई. वाटसरूंची!

क्षणार्धात माझ्या डोक्यात सगळं लख्ख झालं. उन्हाळ्याच्या तोंडावर, रस्त्याकडेला, झाडाच्या सावलीत, एवढ्या जाड पाइपावर तोटी लावणारा माणूस जयपुरात एकच काम करत असतो! शेठजींनी हात जोडले होते ते दानशूराला. सिंहाची तोटी ही त्यांची वर्गणी!

"नंदकिशोरजी," मी चाचरत म्हणालो, "यह तो हमारे घर का पानी..."

"घर का ही तो पुण्य लगता है, साहब!"

"हाँ, लेकिन... बंद कब होगी?"

सारा रस्ता माझ्याकडे पाहू लागला. जणू मी विचारलं होतं, या वासराची मान कधी मुरगाळायची?

"चलती प्याऊ," नंदकिशोरजी हळूच म्हणाले, "बरसात से पहले कौन बंद करता है?"

तर मंडळी, आमच्या टोकाला पाणी यायचं सकाळचं तेवढंच. ते आलं की प्याऊवर नेमलेली धापूबाई सिंहाचा जबडा उघडी आणि माठ भरू लागे. करंगळीएवढं पाणी माझ्या दीड इंची पाइपात असं पसरे, जसा रिकाम्या धर्मशाळेत एकटा पाहुणा. वर उंच जोत्यावरच्या स्वयंपाकघरात मालनची तोटी एक उसासा टाकी. फुस्स! बस्स. माठ भरेपर्यंत पाणी जाई. मग मालन चुंबळ घेऊन पुन्हा विहिरीच्या वाटेला लागे.

तरी ती स्वयंपाकघरातली तोटी रोज चिंचेने घाशी. कोरडीच. आप्पा येणार म्हणून.

"बंद करा ना हो बाहेरची," ती एकदा म्हणाली. मी गेलोही. तोटीला हात घातला तर एक म्हातारा वाटसरू माझ्याच पाया पडला. मी तोटी आणखी थोडी उघडून परत आलो!

मग तो दगड आला. कॉलेजातून परततो तो मालन दारात बसलेली, डोळे लाल. निंबाच्या बुंध्याशी शुभ्र संगमरवरी पाटी, सिमेंटात पक्की. वर झेंडूचा हार. खाली उदबत्ती.

'स्वर्गीय आप्पासाहेब की पुण्य स्मृति में.'

मी तसाच समोर धावलो. "नंदकिशोरजी! वे ज़िंदा हैं!"

"कौन?"

"स्वर्गीय!"

नंदकिशोरजी खाटेवर बसले. "ज़िंदा हैं? पर हमारे यहाँ तो बाप बेटी के घर का पानी तक नहीं पीता! बेटी के दरवाज़े पर बाप के नाम की प्याऊ... मैंने सोचा, तो फिर... गुज़र ही गए होंगे."

"अब निकालिए उसे!"

"मकराने का पत्थर है, टूट जाएगा. नाम का पत्थर टूटना, मतलब..." त्यांनी कानाला हात लावले. "चिंता मत कीजिए. मरने की झूठी ख़बर से उम्र बढ़ती है!"

घरी आलो तर मालनच्या हाती वाईचं पत्र. 'ओवी बरी आहे. निघालो. आप्पा.'

पत्र पोचेपर्यंत आप्पा रतलाम ओलांडून आले असणार! दगडावर मी पोतं टाकलं, धापूबाईने काढलं. 'मरे हुए का मुँह नहीं ढँकते.' मालनचं जुनं लुगडं बांधलं; ते एका बकरीने खाल्लं, हारासकट. धापूबाईने नवा हार आणला, पहिल्यापेक्षा जाड. शेवटी टांग्याची घंटा ऐकू आली तेव्हा मी स्वतःच दगडासमोर उभा राहिलो. छत्री उघडून.

आप्पासाहेब उतरले. अंगरखा घामाने चिकटलेला, ओठ कोरडे.

"जावईबापू, तुम्ही तर सावलीत आहात. छत्री कुणाला?"

"तुम्हाला! या, या, आत चला, तिकडून..."

पण तहानलेल्या माणसाला धापूबाई सोडते होय! तिने माठातलं वाळ्याचं गार पाणी त्यांच्या ओंजळीत धरलं.

"पियो बाबोसा, पेट भरकर पियो! और स्वर्गवासी आप्पासाहेब को असीस दो!"

घोट अर्ध्यावर अडकला. असा ठसका लागला की मी छत्री टाकून त्यांची पाठ चोळायला धावलो. आणि मागे दगड उघडा!

आप्पासाहेबांनी चष्मा काढला, पुसला, लावला. आधी वरून खाली वाचलं, मग खालून वर.

"अक्षर चांगलं आहे," ते म्हणाले. मग दगडाच्या खालच्या कडेवर बोट फिरवून, "तारीख घातली नाहीत?"

"न... नाही."

"बरं केलंत. तेवढी मोकळीक ठेवलीत."

आणि सरळ आत गेले. मालन पाया पडली. त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि तो तिथेच राहिला. बोटांना केसांतला ओलावा लागला होता, नुकत्याच उतरवलेल्या हंड्याचा. त्यांनी पुढे होऊन ती चिंचेने उजळलेली तोटी पिरगळली.

फुस्स!

"म्हणजे उतरला नाही," आप्पासाहेब म्हणाले. त्यांनी वळकटी उचलली. "टांगा गेला का बघा."

मालन चुलीपाशी पाठ करून उभी राहिली. त्या पाठीकडे पाहून मी बाहेर धावलो आणि सिंहाच्या नरड्यावर दोन्ही हात ठेवले. पुण्य गेलं खड्ड्यात! नंदकिशोरजी ओरडले, धापूबाई ओरडली, छपराखालची माणसं उठून उभी राहिली. आप्पासाहेब टांग्यात पाय ठेवण्याच्या बेतात होते. तेवढ्यात कडेवर पोर घेतलेली एक मजूर बाई, त्या गोंधळाकडे न पाहता, पोराला पाणी पाजून दगडाला हात जोडून म्हणाली, "भगवान आप्पासाहेब ने सुखी राखे."

देव आप्पासाहेबांना सुखी ठेवो! आप्पासाहेबांचा पाय टांग्याच्या पायरीवरच थांबला. मामलेदार कचेरीतल्या एवढ्या वर्षांत त्यांना कुणी, काम नसताना, हात जोडले नव्हते.

"जावईबापू," ते म्हणाले, "हात काढा तोटीवरून."

"पण मालनचं पाणी..."

"हात काढा म्हणतो! चाललंय ते चालू राहू दे. पावसापर्यंत मी इथेच आहे." टांगा परत गेला. वळकटी निंबाखाली उतरली.

मालन दारात आली होती. "आप्पा, तुम्ही राहिलात, सोनं झालं. पण माझ्या डोक्यावरचा हंडा?"

"तो आजच उतरला, पोरी. पाणी जावईबापू आणतील."

"मी?" मी दचकलो. "आप्पासाहेब, मी प्राध्यापक! रस्त्यातून... डोक्यावर... आणि विहीर केवढी लांब!"

आप्पासाहेबांनी शांतपणे दगडाकडे बोट केलं.

"मेलेल्या माणसाची शेवटची इच्छा मोडू नये, जावईबापू."

संस्कृतात याला काहीतरी उत्तर असणारच. ते विहिरीच्या वाटेवर आठवू म्हणून मी चुंबळ शोधायला वळलो, पण तसदी पडली नाही. ती मालनने आधीच पुढे धरली होती. जरा जास्तच तत्परतेने!