शेषरावकाकांचा वाकडा बोळ

गेल्या रविवारी मी शेषरावकाकांना आमच्या फाटकाच्या कडीला बांधलं आणि भजे खायला आत गेलो.

म्हणजे काकांना नाही, त्यांच्या कमरेच्या दोराचं दुसरं टोक. पण काकांच्या लेखी दोन्ही एकच.

बुलढाण्याजवळच्या धाड गावात आमच्या शेजारी राहणारे काका एसटीतून कंडक्टर म्हणून रिटायर झाले. त्यांचं घर आणि बंद पडलेली दालमिल यांच्यामध्ये एक अरुंद बोळ आहे. तुम्हाआम्हाला तिथं विटांचे तुकडे, फुटका माठ आणि फार तर एखादं मांजर दिसेल. काकांना तिथं जागा वाकलेली दिसते. "वाकडी मिती आहे ते," ते सांगतात. 'मिती' हा शब्द त्यांनी मोबाईलवरून उचलला. शंका मात्र नोकरीतली. "बुलढाण्याले जातानी रस्ता लांब, धाडले येतानी जवळ. तिकीट एकच. मंग मधातलं अंतर जाते कुठं, सांग बे विलास!"

"काका, ते मनाचं असते."

"मनाले टायर असते काय बे?"



अशा जागेत शिरून सुखरूप परत यायची पद्धत काकांनी स्वतः बसवली आहे आणि तिच्यापायी माझे रविवार गेले. कमरेला दोर. दुसरं टोक जित्या माणसाच्या हातात; बांधून ठेवायचं नाही. "खुंट्याले काय समजते?" माझ्या ओट्यावर भंगारातून आणलेली बसची घंटी, तिची दोरी काकांच्या मुठीत. डबल बेल म्हणजे पुढं निघालो. एक बेल म्हणजे थांबलो. मग मी दोराला हिसका द्यायचा, की ते मागं फिरणार. आणि बाहेर आले की मी मोठ्यानं विचारायचं, "आले का?" त्यांनी "आलो" म्हटलं की फेरी संपली.

समोर उभ्या माणसाला 'आले का' काय विचारायचं? एकदा मी वैतागून विचारलंच नाही, तर काका तसेच बोळात परत गेले आणि पुन्हा बाहेर आले.

तर त्या रविवारी डबल बेल झाली, काका आत शिरले, आणि नेमका तेव्हाच आमच्या घरातून भज्यांचा वास आला. दोर कडीला अडकवला. दोनच खाईन म्हटलं होतं. पण मिरचीचे भजे दोनावर थांबत असतात का! मधे घंटी वाजली असेल. कढईपुढं मला ऐकू आली नाही.

बाहेर आलो तर दोर ताणलेला आणि काका बोळाच्या मध्यावर, फुटक्या माठाशेजारी बसलेले. लख्ख ऊन, सरळ वाट, समोर मी. पण काका उठेनात.

"काका, या ना बाहेर! काऊन बसले?"

"बेल देल्ली. हिसका नाही आला. मी दोर ओढून पाह्यला, तं तिकडून कोणी ओढे ना." ते चिडले असते तर मला बरं वाटलं असतं. "म्हटलं, अलीकडं कोणी नाही राह्यलं आता. मंग येऊन काय करू?"

मी घाईघाईनं दोर सोडवून हिसका दिला. तेव्हा कुठं ते उठले, बाहेर आले. माझ्या तोंडात भजं. 'आले का' काही धड फुटलं नाही. काकांनी क्षणभर वाट पाहिली. मग कमरेचा दोर सोडला, माझ्या हातातलं टोकही काढून घेतलं, ओट्यावरची घंटी काढून काखेत मारली आणि "फेरी रद्द" म्हणून घरात गेले. आतून कडी लागली.

"सुटलो एकदाचा!" मी स्वयंपाकघरात येऊन बायकोला सगळा किस्सा रंगवून सांगितला. ती हसली नाही. तिनं गॅस बंद केला.

"काकू होत्या तवा बस कितीही उशिरा येवो, काकाची चप्पल वाजली का त्या चुलीपासूनच ओरडत, 'आले का?' आपल्या घरात ऐकू ये. तुमाले नाही ऐकू आलं कधी?"

आलं होतं. वर्षानुवर्षं. तेव्हा मी त्या ओरडण्यालाही वैतागायचो.

बायकोनं भज्यांची बशी माझ्या हातात दिली.

"जा, दार वाजवा त्यायचं. दोर मांगून घ्या. अन् विचारतानी तोंडातलं भजं आधी गिळा."