अस्थिर घटक

दुपारी समू झोपली की आमच्या घरात जी शांतता पसरते, तिच्यावर कायद्याने माझा हक्क आहे असं मी मानते. त्या दिवशी ती पुरती पसरायच्या आतच ग्रिलवर किल्ली वाजली. टिक्, टिक्. बेलच्या बटणावर मी चिकटपट्टी लावून ठेवलेली असल्यामुळे येणारा-जाणारा ग्रिलवर किल्लीच वाजवतो, आणि इतकी जपून ती एकच माणूस वाजवतो. उत्तमकाका, आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी.

“योगिनी, समृद्धी झोपली का गं?”

“झोपलेली.”

“मग हळू सांगतो. आपलं मैदान गेलं.”

डोंबिवलीच्या मानपाड्यातल्या आमच्या सोसायटीचं नाव ‘मोकळा श्वास’. वारा कारखान्यांच्या बाजूने सुटला की आम्ही सगळ्या खिडक्या घट्ट लावून तो घेतो. सोसायटीच्या मागे एक मैदान आहे. त्यात एक घसरगुंडी, एक झोपाळा, एक भेंडीचं झाड आणि बाकी सगळी माती. शेजारच्या बायजाआजींच्या सासऱ्यांनी आपलं भाताचं खाचर मुलांना खेळायला म्हणून प्राधिकरणाला दिलं, त्याचं हे मैदान झालं. संध्याकाळी परिसरातली सगळी मुलं तिथे धावतात, कारण धावायला दुसरी जागा नाही. पार्किंगमध्ये धावली तर वॉचमन ओरडतो, जिन्यात धावली तर दुसरा मजला ओरडतो, आणि घरात धावली तर मी ओरडते.

प्राधिकरणात अलीकडे ‘मोकळ्या जागा वापर-निश्चिती कक्ष’ स्थापन झाला होता. वापरात नसलेली मोकळी जागा हा त्या जागेचा अपमान आहे, आणि तिथे बहुमजली वाहनतळ बांधून तो दूर करावा, असं कक्षाचं धोरण होतं. पूर्वी अशा पाहणीला साहेब स्वतः यायचे, उन्हात उभे राहायचे, पाणी मागायचे. या पद्धतीत एक मोठा दोष होता. माणूस एका वेळी एकाच ठिकाणी उभा राहू शकतो. तो आता दूर करण्यात आला होता. दिपेश नावाचा एक कंत्राटी तरुण येऊन मैदानाचे चहूबाजूंनी ढीगभर फोटो काढून गेला. त्यावरून कॉम्प्युटरने अख्खं मैदान उभं केलं. आता कुठल्याही अधिकाऱ्याला खुर्चीत बसून ते कुठूनही पाहता येत होतं. घसरगुंडीच्या पोटाखालून, भेंडीवरच्या कावळ्याच्या जागेवरून, जिथे कॅमेरा कधी गेलाच नव्हता तिथूनसुद्धा.

काकांनी मोबाईल माझ्यापुढे धरला. “हे बोटाने सरकवायचं असतं म्हणे.”

मी सरकवलं. मैदान वळलं. खोटं कशाला बोलू, फार सुंदर दिसत होतं. भेंडीचं पान न् पान दिसत होतं, मातीवर ऊन पडलेलं दिसत होतं. फक्त त्यात एकही मूल नव्हतं.

“असं कसं? तो आला तेव्हा संध्याकाळ होती. केवढा कल्ला चाललेला! समू दोनदा त्याच्या पायात जाऊन आदळली.”

“तेच तर. पुढे बघ.”

मी पुढे सरकवलं. झाडाखाली प्लॅस्टिकच्या खुर्चीत कोणीतरी तोंड उघडं टाकून झोपलेलं होतं. दाढेत भरलेली चांदीसुद्धा लख्ख दिसत होती.

“काका, हे तुम्ही.”

“ते राहू दे,” काका म्हणाले, आणि घाईघाईने बोट फिरवून स्वतःपासून लांब गेले. दृश्य गोल फिरत असल्यामुळे ते दुसऱ्या बाजूने पुन्हा स्वतःपाशीच आले. खुर्चीखाली कुत्रं होतं, तेही झोपलेलं.

अहवालाचा निष्कर्ष खाली आलाच होता. वापरकर्ते : ज्येष्ठ नागरिक एक, श्वान एक, दोघेही निद्रिस्त. बालके : आढळली नाहीत. शिफारस : बहुमजली वाहनतळ.

दुसऱ्या दिवशी मी समूला घेऊन कक्षात गेले. पाच वर्षांच्या मुलीला घरी कोणाकडे ठेवणार, आणि शिवाय पुरावा सोबत असलेला बरा. कक्षाच्या प्रमुख ऐश्वर्या मॅडम अतिशय सभ्य होत्या. त्यांनी आम्हाला बसायला सांगितलं. समू बसली, उठली, खुर्चीभोवती फिरली, टेबलाखाली गेली.

“ही कोण?” मॅडमनी विचारलं.

“वापरकर्ती.”

मॅडमनी स्क्रीनवर मैदान उघडलं, सगळ्या बाजूंनी फिरवलं, वरून पाहिलं, खालून पाहिलं. “इथे दिसत नाही.”

“अहो, इथे समोर दिसतेय ना!”

“समोरचं आम्ही ग्राह्य धरत नाही,” त्या समजुतीने म्हणाल्या. “समोरचं एकाच बाजूने दिसतं.”

दिपेश कोपऱ्यात बसला होता. त्याला माझी दया आली असावी. “मॅडम, सिंपल आहे,” तो मला म्हणाला. “मी एवढे फोटो काढतो ना, त्या सगळ्यांत काय सेम आहे ते कॉम्प्युटर शोधतो. भिंत सगळ्यांत आहे, म्हणजे भिंत आहे. काका सगळ्यांत आहेत, काका आहेत. तुमची बेबी एका फोटोत झोपाळ्यावर, दुसऱ्यात झाडामागे, तिसऱ्यात माझ्या पायात. मग त्याला वाटतं, अरे हा तर डाग आहे. तो पुसून टाकतो.”

“डाग?”

“आमच्याकडे ‘अस्थिर घटक’ म्हणतात,” मॅडमनी दुरुस्ती केली. “डाग हा शब्द बरोबर नाही. बालकांचा मान राखला पाहिजे.”

“पण मुलं हलणारच ना हो मॅडम. खेळायला गेली की हलणारच.”

“त्यांनी जरूर हलावं. फक्त हललेल्याची नोंद होत नाही.”

मग मला स्क्रीनवर आणखी एक गोष्ट दिसली. मैदानाच्या मागच्या बाजूला, पाण्याच्या टाकीपलीकडे, एक रुंद गुळगुळीत रस्ता होता. असा रस्ता मी डोंबिवलीत जन्म काढून पाहिलेला नाही.

“हा रस्ता कुठला? तिकडे तर नाला आहे.”

“नाल्याचा फोटो आहे का?” मॅडमनी दिपेशला विचारलं.

“नाही. टाकीमागे जाता आलं नाही, वास येत होता. जिथला फोटो नसतो, तिथे कॉम्प्युटर आजूबाजूचं बघून अंदाजाने भरतो.”

“मग रस्त्याचा तरी फोटो आहे का?” मी विचारलं.

“फोटो नाही,” मॅडम म्हणाल्या, “पण रस्ता दिसतोय. उलट वाहनतळाला त्या बाजूने फार सोयीचा प्रवेश मिळतोय.”

समू टेबलाखालून बाहेर आली आणि तिने मॅडमचा स्टेपलर कटाकट वाजवला. ऐश्वर्या मॅडम हसल्या. त्यांनाही घरी एक असावं. आवाज खाली आणून त्या म्हणाल्या, “फेरपाहणीचा अर्ज करा. मंजूर करते. मात्र या वेळी वापरकर्ते स्थिर ठेवा. पुन्हा कोणी आढळलं नाही, तर माझ्या हातात काही राहणार नाही.”

अशा रीतीने आमच्या सोसायटीत स्थिर राहण्याचा सराव सुरू झाला. ‘स्टॅच्यू’ हा खेळ मुलांना येतच होता. फक्त त्यात कधीतरी ‘ओव्हर’ म्हणायचं असतं, एवढा भाग आम्ही काढून टाकला. उत्तमकाकांनी चुन्याने जागा आखून दिल्या. मूल खेळताना दिसलं पाहिजे पण हलता कामा नये, ही मुख्य अडचण होती. ती आम्ही आयांनी सोडवली. लंगडीवाल्या मुलाच्या उचललेल्या पायाखाली वीट ठेवली. घसरगुंडीवरच्या मुलाला अर्ध्या वाटेत धरायला मागून ओढणी बांधली. समूला झोपाळा हवा होता. मग झोपाळा मागे उंच ओढून दोरीने खांबाला बांधला आणि तिला त्यावर बसवलं.

“आई, हा झुलत कसा नाही?”

“झुललीस की मैदान जाईल, सोन्या.”

“कुठे जाईल?”

“कुठे नाही जाणार. तू गप बस, मग बर्फाचा गोळा देते.”

पाहणीच्या दिवशी दिपेश मुलांच्या मधून वाट काढत फोटो काढत फिरला. माशी नाकावर बसली तरी कोणी हललं नाही. तेवढ्यात कुंपणापाशी बायजाआजी येऊन उभ्या राहिल्या. त्यांनी डोळ्यांवर हात धरून बराच वेळ निरखलं.

“कोन मेलाय का गो?” त्यांनी मला विचारलं.

“नाही हो आजी. सरकारी पाहणी आहे. मुलं खेळतायत.”

“ही खेलतान?” आजी म्हणाल्या. “माज्या सासऱ्यानी जागा पोरांना धावाला दिली. खांबासारकी उभी करावाला नाय.”

“आजी, हलू नका प्लीज,” दिपेश ओरडला.

“मी कनाला थांबू? माज्या जमिनीत मी हालन नायतर नाचन!” असं म्हणून आजी तरातरा निघून गेल्या. अंतिम अहवालात त्या अर्थातच नाहीत.

मुलं मात्र सगळी आहेत. ऐश्वर्या मॅडमनी शब्द पाळला. मैदान वाचलं. आम्ही मैदानातच पेढे वाटले. आदेश आला तो असा : सदर जागा ‘स्थिर क्रीडांगण’ म्हणून कायम करण्यात येत आहे. प्रत्यक्ष वापर मंजूर दृश्याशी जुळतो की नाही, याची कधीही, न कळवता पडताळणी होईल. नेमून दिलेल्या जागी न आढळणारे बालक अस्तित्वात नसल्याचे समजण्यात येईल, आणि पुरेशी बालके अस्तित्वात नसल्यास मैदान परत घेण्यात येईल.

म्हणजे रोज संध्याकाळी मुलांनी आपापल्या चुन्यावर उभं राहणं आलं. पहिले काही दिवस मला वाईट वाटलं, हे मी प्रामाणिकपणे सांगते. मग लक्षात आलं, गुडघे फुटत नाहीत. फ्रॉक मळत नाही. तुझ्या मुलाने माझ्या मुलीला ढकललं, ही भांडणं बंद झाली. उत्तमकाकांना तर मंजूर दृश्यातच झोपायची जागा होती. ते कर्तव्य म्हणून झोपू लागले. आणि आम्ही आया बाकावर ओळीने बसून आपापल्या मोबाईलमध्ये डोकं घालू लागलो. मुलं कुठे आहेत हे बघायला मान वर करावी लागत नव्हती. शेजारची निशा म्हणाली, “खरं सांगू का, हे आधीच करायला हवं होतं.” सगळ्यांना ते पटलं होतं. ठाण्यातल्या कोलशेतच्या एका मोठ्या संकुलातल्या बायका गाडी करून बघायला आल्या आणि “किती गुणी मुलं!” म्हणत चुन्याची मापं घेऊन गेल्या.

टाकीमागचा तो रस्ता झाडायला आता एक सफाई कामगारही नेमलाय. तो रोज येतो, रस्ता शोधतो आणि सही करून जातो.

प्राधिकरणाने मंजूर दृश्याची लिंक सगळ्या पालकांना पाठवली. माझ्या फोटोंमध्ये समू नेहमी हललेली, अर्धी कापलेली, नाहीतर पाठ करून पळणारी. इथे ती झोपाळ्यावर होती, उंच, केस उडालेले, तोंडभर हसू. बोट फिरवलं की खालून, वरून, तिच्या गालाच्या अगदी जवळून दिसायची. मी ती लिंक सासरी पाठवली, माहेरी पाठवली, शाळेच्या ग्रुपवर पाठवली. माझा नवरा सुशांत कामावरून आला की चपला काढायच्या आधी म्हणायचा, “दाखव ना तिला.” आणि आम्ही दोघं सोफ्यावर बसून तिला बघायचो.

एका संध्याकाळी चिपळूणहून माझ्या आईचा फोन आला.

“बघितलं गं तुझं ते. छान आहे. पण हिच्या मानेवरचा तीळ कुठे गेला?”

“अगं, पाठीमागे खांब होता. तिथला फोटो नसेल निघाला. कॉम्प्युटरने अंदाजाने भरलंय.”

“अंदाजाने? त्याला काय माहीत माझी नात?” आई म्हणाली. “डावीकडे आहे ना गं तो? का उजवीकडे?”

मी “हो” म्हणाले आणि फोन ठेवला. मग माझ्या लक्षात आलं की मला आठवत नाहीये. न्हाऊ-माखू घालताना ज्याच्यावर मी हजारदा पाणी ओतलं, पापे घेतले, तो तीळ डावीकडे की उजवीकडे? मी लिंक उघडली. समूला डावीकडून फिरवलं, उजवीकडून फिरवलं, मानेपाशी नेऊन मोठं केलं. मान गोरीपान, गुळगुळीत, टाकीमागच्या त्या रस्त्यासारखी.

समू माझ्यासमोरच होती. शाळेत काहीतरी नवीन गिरकी शिकवलेली, ती दाखवत होती. “आई, बघ. आई, बघ ना. आई, आता बघ!” फरशीवर तिची पावलं धपधप वाजत होती आणि तिची सावली सारखी माझ्या स्क्रीनवर पडत होती.

“थांब गं जरा,” मी मान वर न करता म्हटलं, “हलू नकोस. मी तुलाच बघतेय.”

ती थांबली. एक पाय उचललेला, हात पसरलेले, श्वास रोखलेला. सरावाची मुलगी. बराच वेळ ती तशीच उभी राहिली. मग ओठ शक्य तितके कमी हलवत, हळूच म्हणाली,

“आई, मी हलले ना, की तुलापण दिसत नाही का गं मी?”