काकडे सरांचं दुसरं समीकरण

काकडे सर आयुष्यात कोणाला कधी सरळ प्रश्न विचारत नसत. आम्ही पिपरी मेघेत त्यांच्या भिंतीला भिंत लावून राहायला आलो, तेव्हा पहिल्याच दिवशी त्यांनी माझ्या नवऱ्याला गाठलं आणि विचारलं, तुम्हा दोघांची वयं मिळून किती होतात? आमचे हे भोळे सांब. बोटं मोजून म्हणाले, साडेसत्तर. चार दिवसांनी सरांनी मला फाटकाशी थांबवलं. म्हणाले, तुमच्या दोघांत अंतर किती? मला वाटलं म्हाताऱ्याला हौस असेल, सांगितलं साडेतीन वर्षांचं. सरांनी डोळे मिटले, ओठ हलवले आणि अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "म्हणजे तू तेहतीस पूर्णांक पाच!"

ऑफिसात मी तिशीच्या आतली म्हणून खपत होते. माझी नुसती तळपायाची आग मस्तकात गेली.

सरांनी उभा जन्म आर्वीच्या एका शाळेत गणित शिकवण्यात घालवला होता. रिटायर होऊन इकडे घर बांधलं, मुलगा लांब नोकरीला, घरात सर आणि कुसुमकाकू दोघंच. शाळा सुटली, पण खोड सुटली नाही. "दोन अज्ञात, दोन समीकरणं. एकावर भागत नाई," हे त्यांचं वाक्य दिवसातून निदान एकदा कानावर पडायचंच.

भाजीवाला त्यांना बघितलं की हातगाडी जोरात ढकलायचा. त्याचाही बिचाऱ्याचा दोष नव्हता. एकदा सरांनी त्याच्या काट्यावर कोहळं आणि लवकी, म्हणजे दुधी, एकत्र ठेवली. तीन पूर्णांक चार किलो. मग त्याला कोहळ्याचे बरोब्बर दोन भाग करायला लावले आणि अर्धं कोहळं न् तीच लवकी परत ठेवली. दोन किलो. सर खुश! कोहळं दोन पूर्णांक आठ, लवकी शून्य पूर्णांक सहा. भाजीवाला कपाळाला हात लावून म्हणाला, सर, एक एक ठेवलं असतं तर काट्यानंच सांगितलं असतं ना. सर म्हणाले, मंग त्यात आपली अक्कल कुठं लागली? वरून ते कोहळं घेतलंच नाही, लवकी तेवढी घेऊन आले. काकूंनी मग मला पाठवून ते चिरलेलं कोहळं विकत आणवलं. नवऱ्याचं असं निस्तरत राहण्यातच त्यांचा जन्म गेला होता, आणि त्यांची त्याबद्दल कधी कुरकुर नव्हती.

दिवाळीनंतर काकू वाळायला लागल्या. आधी बांगड्या कोपरापर्यंत सरकायला लागल्या, मग ब्लाउज खांद्यावरून उतरायला लागला. कोणी विचारलं की म्हणायच्या, वय झालं आता. त्यांच्या घरी रीत अशी की आधी सर जेवायचे आणि काकू मागून, एकट्या, स्वयंपाकघरात. त्यामुळं काकू काय जेवतात, जेवतात की नाही, हे सरांनी कधी पाहिलंच नव्हतं.

आता सर कामाला लागले. रोजची कणीक मोजली, शून्य पूर्णांक तीन किलो. पोळीला पन्नास ग्रॅम धरली तर सहा पोळ्या. तीन ते स्वतः खायचे. उरल्या तीन. त्या काकू आणि रोज दारावर येणारी गाय यांच्यात. काकूंच्या किती, हा एक अज्ञात. गाईच्या किती, हा दुसरा. हे झालं पहिलं समीकरण. दुसरं माझ्याकडं होतं, कारण दुपारी गाय यायची ती माझ्या फाटकाशी थांबायची आणि काकू तिथं येऊन तिला चारायच्या. सरांच्या खुर्चीवरून ते दिसत नव्हतं.

मी तेव्हा गुडघ्याच्या दुखण्यानं रजेवर होते. सर यायचे, विरजण मागायचे आणि मग हळूच काढायचे. म्हणे, ज्योती, गाय आजकाल मोटी दिसून राह्यली का? दुसऱ्या दिवशी, गाईच्या तोंडात एका वेळी किती पोळ्या मावत असतील? हसू यायचं आणि त्याहून जास्त राग यायचा. तिकडं काकूंनी मला आपल्या गळ्याची शपथ घातली होती. तिन्हीच्या तिन्ही पोळ्या गाईपुढं धरायच्या आणि म्हणायच्या, यायले सांगू नको वं, जीव लहान आहे त्यायचा. मी सरांना सांगायचे, मी काही गाई मोजत बसत नाही. आणि दार लावून घ्यायचे. पण माझं चित्त काही थाऱ्यावर नसायचं.

एका दुपारी काकू गाईला चारता चारता खालीच बसल्या. मी धरून त्यांना मागच्या दारानं स्वयंपाकघरात नेलं, तिथंच निजवलं. परत आले तर सर माझ्या ओसरीवर विरजणाची वाटी घेऊन उभे. गाय आज उशिरा आली का, असं काहीतरी सुरू झालं. म्हटलं, गेली ती शपथ चुलीत.

"सर, सगळ्या पोळ्या गाईले देतात काकू. तिन्ही. स्वतः काहीच खात नाहीत."

सर म्हणाले, "उत्तर मले पहिलेच आलतं."

"मंग रोज मले काऊन विचारता?"

"मले वाटलं, कुठं तरी चुकलं असंल."

"अहो, पण काकूलेच विचाराचं ना सरळ!"

"सरळ विचारलं तर ती सरळ सांगंल ना, ज्योती," सर म्हणाले. वाटी तिथंच कठड्यावर ठेवून ते घरी गेले.

आमच्या दोन्ही घरांचं स्वयंपाकघर एकाच भिंतीला. मी ओट्याशी उभी होते. सरांचा आवाज आला, "कुसुम, तू जेवत काऊन नाई?"

काकू म्हणाल्या, "उतरत नाई हो गळ्याखाली. लई दिवस झाले."

"दुखते?"

"हो."

"चाल, दवाखान्यात जाऊ. आताच."

"जाऊ. पहिले तुमी जेवून घ्या, आज ताटावरून तसेच उठले, उपाशी आहा," काकू म्हणाल्या, आणि उठून त्यांनी ताट वाढल्याचा आवाज आला.

सर जेवले. जेवता जेवता रडत होते, आणि काकू मधून मधून म्हणत होत्या, "हळू जेवा. ठसका लागंल."