टॅबलेटमधून पळालेला घोडा

मी गुप्तहेर आहे. हे मी भेटेल त्याला सांगतो, कारण तेही गुप्त ठेवलं तर गिऱ्हाईक यायचं कुठून? तीक्ष्ण नजर, तल्लख डोकं आणि मांजराची चाल हे तिन्ही गुण माझ्या कार्डावर मीच छापून घेतले आहेत. बायको म्हणते, आधी स्वतःचा चष्मा शोधा. थोरांची कदर घरात होत नाही.

एका सकाळी भाची रडवेली होऊन आली. ती जनावरांची डॉक्टर होण्यासाठी शिकते. परीक्षा तोंडावर, आणि घोड्याच्या शरीररचनेचं अख्खं पुस्तक तिच्या टॅबलेटमधून नाहीसं झालेलं. कुलूप न तोडता घोडा पळवणारा चोर मी प्रथमच ऐकला.

पडद्यावर ठळक ओळ होती : 'आपली मुदत संपली आहे.' माझ्या अंगावर काटा आला. ही तर जिवे मारायची धमकी! भाचीला मी खिडकीपासून लांब बसवलं.

पहिला संशय टॅबलेट दुरुस्त करणाऱ्यावर. आपण फक्त चार्जिंगची पिन बदलली, असं तो शांतपणे म्हणाला. इतकं शांत सराईत गुन्हेगारच राहतो, अशी मी मनाशी नोंद केली. मग भाचीला घेऊन तिच्या होस्टेलवर गेलो, तर तिची मैत्रीण स्वतःच्या टॅबलेटवर नेमकं तेच पुस्तक वाचत होती. मुद्देमालासकट सापडली! खोलीभर मुलींसमोर मी तिला चोर म्हणालो. ती टॅबलेट घेऊन उठून गेली.

"मामा, आधी नुसतं पुस्तक गेलं होतं," भाची म्हणाली. "आता मैत्रीणही गेली."

घरी येऊन भरपाई म्हणून मी माझ्या खबऱ्याकडून एक वेबसाइट मिळवली. तिथे तेच पुस्तक चोरून टाकलेलं होतं, फुकट. भाचीने हात लावला नाही. पुस्तक तिच्याच सरांचं होतं. तबेल्यात गुडघे टेकून एकेका हाडाचं चित्र काढताना तिने त्यांना पाहिलं होतं.

"हे उतरवून घेतलं तर वर्गात त्यांच्याकडे कोणत्या तोंडाने बघू?"

चोराला शोधायला निघालेला नवरा चोरबाजारात पोचला, एवढं बोलून बायकोने टॅबलेट घेतला आणि बोटाने ती धमकी जरा वर सरकवली. खाली बारीक अक्षरांत मजकूर होता : कॉलेजच्या ग्रंथालयातून घेतलेलं हे पुस्तक रांगेतल्या पुढच्या वाचकाकडे गेलं आहे. ग्रंथालयाने मोजक्याच ई-प्रती विकत घेतल्या होत्या, म्हणून त्या पाळीपाळीने मिळत. पुढची पाळी मैत्रिणीची होती, इतकंच.

मी होस्टेलवर परत गेलो आणि त्याच मुलींसमोर भाचीच्या मैत्रिणीची माफी मागितली. मांजराची चाल त्या वेळी आपोआप जमली.

"काका, आधी मला विचारायचं होतंत," ती म्हणाली. मग टॅबलेट उचलून माझ्याबरोबर निघाली.

संध्याकाळभर दोघी आमच्या जेवणाच्या टेबलावर एकाच पडद्यात डोकं घालून बसल्या. एक मोठ्याने वाचायची, दुसरी आकृत्या काढायची. मीही ऐकत होतो. घोड्याला पित्ताशय नसतं, हे मला तेव्हा कळलं, आणि मी ते बायकोला कौतुकाने सांगितलं.

तिने माझ्याकडे नीट पाहिलं. म्हणाली, "असतं असं. एखाद्याला एखादा अवयव नसतो, तरी चालतं त्याचं."