कायेतानोला कोरडा आणायची जबाबदारी

एखाद्या माणसाला दोन तास वाइनपासून लांब ठेवायचं असेल, तर ते काम बिनदिक्कत माझ्यावर सोपवावं! ही बढाई नाही. देव प्रत्येकाला काही ना काही देतो, मला त्यानं नेम दिला. रोज सकाळची मिस्सा, दुपारी जपमाळ, संध्याकाळी चर्चमध्ये मरियामातेच्या नावांची लितानी, आणि शुक्रवारी मांसाला हात नाही. एकतीस वर्षांत खंड नाही! त्यात ईस्टरआधीच्या उपवासकाळातला शुक्रवार असला, तर संध्याकाळी सहापर्यंत नुसतं पाणी. आमच्या गल्लीत कुणाचं घड्याळ बंद पडलं, तर ते मी दारातून बाहेर कधी पडते ते बघून लावतात.

म्हणूनच त्रिनी माझ्याकडे आली.

त्रिनी माझ्या बहिणीची मुलगी. दिवसभर पडद्यांच्या दुकानात शिवणयंत्रावर बसते आणि उरलेल्या वेळात नाचते. खालच्या मजल्यावरचे लोक तक्रार करायला म्हणून वर येतात आणि बघत बसतात, असं नाचते! ग्रानादातलं आमच्या भागाचं फ्लामेंको मंडळ दरवर्षी एका नव्या मुलीला नाचवून बघतं. पसंत पडली, तर जूनमधल्या कॉर्पसच्या सणाच्या जत्रेत मोठ्या मंचावर उभं करतं. गेल्या वर्षी त्रिनीचा नंबर होता. तिच्यासाठी गाणार होता कायेतानो, आणि कायेतानो फेर्मिनच्या बारमधून उठलाच नाही! पोर नुसत्या गिटारवर नाचली. मंडळानं "पुढच्या वर्षी बघू" म्हणून घरी पाठवली.

"मावशी, या वेळी शेवटचं," त्रिनी म्हणाली. तिच्या बोटांना सुया टोचून टोचून पडलेली भोकं मला दिसत होती. "मंडळ तिसऱ्यांदा कुणालाच बोलवत नाही."

"मग दुसरा गाणारा बघ ना गं."

"कायेतानोकाकांसारखा दुसरा आहे का कुणी?"

नव्हता. सत्तरी उलटलेला तो म्हातारा शुद्धीत असला, की गाण्याआधी लावलेल्या त्याच्या एका 'आऽय'वर भिंतीचा रंग उडतो.

"त्यांना शुक्रवारी आठ वाजता मंडळात आणायचं. कोरडे! एक थेंब पोटात न जाता. मावशी, अख्ख्या ग्रानादात न पिणारी तू एकटीच आहेस."

"आणते," मी म्हणाले. "त्या दिवशीची लितानी दुपारीच म्हणून घेईन. तू निश्चिंत राहा."

उपवासकाळातल्या त्या शुक्रवारी सहा वाजता मी कायेतानोच्या दारात उभी. तो केसांना तेल लावून तयार होता.

"चला, सोकोरोबाई. आधी फेर्मिनकडे."

"अजिबात नाही!"

"ऐका तरी. चाळीस वर्षं मी गाण्याआधी त्या खुर्चीवर बसतोय. पिऊ नका म्हणालात, नाही पिणार. आईची शपथ! पण खुर्चीवर बसलो नाही, तर गळा उघडत नाही."

आता गवयाच्या गळ्याशी कोण वाद घालणार? गेलो.

फेर्मिनचा बार म्हणजे चार टेबलं, छताला टांगलेल्या डुकराच्या तंगड्या, आणि त्यांच्याइतकाच वाळलेला फेर्मिन. त्यानं मला बघून कपाळाला हात लावला. "सोकोरोबाई! आज काय, पोप वारले?"

"कायेतानोसाठी पाणी," मी हळूच म्हणाले. "आणि मला..."

इथं जरा घोटाळा झाला. दोन माणसांनी टेबल अडवून नुसतं पाणी मागायचं हे बरं दिसत नाही. शिवाय सहा वाजून गेले होते आणि पोटात सकाळपासून काही नव्हतं. आमच्याकडे पेल्याबरोबर खायची बशी फुकट येते. तिला तापा म्हणतात. पहिल्या पेल्याला एक, दुसऱ्याला वेगळी, तिसऱ्याला आणखी वेगळी. काय द्यायचं ते बारवाला ठरवतो. "मला अमुकच द्या" असं फक्त बाहेरगावचे पाहुणे म्हणतात! आणि फेर्मिनकडचा क्रम तर गल्लीतल्या मांजरांनाही पाठ आहे. पहिली बशी हॅम, दुसरी मांसाचे गोळे, तिसरी तळलेले मासे. अगदी कधीही न पिणाऱ्या मलाही माहीत!

मी मनात हिशेब केला. तीन छोटे पेले. घोट घोट घ्यायचे. तिसऱ्याला मासे आले, की नेमही सांभाळला आणि पोटही.

"मला एक वाइन," मी म्हणाले.

कायेतानोचे डोळे बशीएवढे झाले.

पहिला पेला आला. बरोबर पावाच्या तुकड्यांवर हॅम. हॅमचं तेल खाली पावात मुरलेलं, म्हणजे पावही बाद! अन्न टाकणं हे पाप, म्हणून मी बशी कायेतानोकडे सरकवली. त्यानं दोन घासांत संपवली. पेला रिकामा झाल्याशिवाय फेर्मिन दुसरा आणत नाही, म्हणून मी डोळे मिटून, उपवासकाळात मनाई असलेलं आलेलूया न म्हणता, तो संपवला.

दुसरा पेला. मांसाचे गोळे. कायेतानोकडे.

"अहो, मी पीत नाहीये, पण खाऊन मरेन!"

"खा! गळ्याला ताकद येईल."

घड्याळात सात वाजले. माझा एक पाय टेबलाखाली आपोआप हलत होता. त्रिनी आता केस बांधत असेल. फूल खोचत असेल. दर मिनिटाला दाराकडे बघत असेल.

"फेर्मिन! तिसरा!"

तिसरा पेला आला आणि बशीत... काळी, रक्ताची सॉसेज!

मी फेर्मिनकडे बघितलं. फेर्मिन दुसऱ्या टेबलाकडे बघत होता. विचारू का? पण विचारायचं म्हणजे काय! सव्वीस वर्षं या गल्लीत राहून, बाहेरगावच्या पाहुण्यासारखं बोट दाखवून "मला मासे" म्हणायचं? त्यापेक्षा उपाशी राहीन! बशी कायेतानोकडे गेली. त्यानं शर्टाचं वरचं बटण सोडलं.

पण आता एक नवीनच संकट उभं राहिलं. टेबल हळूहळू उजवीकडे कलायला लागलं. डोकं गरगरतंय, म्हणून पोटात काहीतरी घालायला हवं. घालायला हवं, म्हणून बशी हवी. बशी हवी, म्हणून आणखी एक पेला. आणि पेल्यानं डोकं गरगरतंय! या चक्रातून बाहेर पडायचा एकच मार्ग होता, मासे. माझं मन सांगत होतं, फेर्मिनची नुसती बशी चुकली. पुढची माशांचीच!

चौथी बशी, डुकराच्या बरगड्या.

कायेतानोनं पट्टा सैल केला. "सोकोरोबाई, तुमच्या पाया पडतो. माझ्या पोटात आता मिरवणूक चाललीय, ढोल-बाजा घेऊन."

"एवढीच खा रे बाबा. आता पुढची मी खाईन. नक्की मी!"

पाचव्या पेल्याबरोबर हिरवीगार बशी आली. वालाचे दाणे! वाफाळलेले, कोवळे! माझ्या डोळ्यांत पाणी आलं. "माते, तू ऐकलंस!" मी चमचा उचलला. तोंडाजवळ नेला. आणि दोन दाण्यांच्या मधून हॅमचा एक गुलाबी तुकडा माझ्याकडे बघून हसला.

तेव्हा माझा धीर सुटला. गल्लीतल्या इज्जतीवर पाणी सोडून मी उठले, टेबलाला धरून, आणि विचारलं, "फेर्मिन, मासे कुठायत?"

"मासे?" फेर्मिन पेला पुसत म्हणाला. "मासे दुपारीच संपले. उपवासकाळातला शुक्रवार ना! सगळे तुमच्यासारखेच भाविक! जपमाळा घेऊन आले आणि भांडं चाटून गेले. आधी विचारायचंत ना, तुमच्यासाठी अंडं तरी तळलं असतं!"

चर्चची घंटा वाजली. पावणेआठ!

मंडळापर्यंतचा रस्ता चढाचा आणि दगडगोट्यांचा. एरवी मी तो जपमाळेच्या एका फेरीत चढते. त्या दिवशी मी पवित्र आठवड्याच्या मिरवणुकीतल्या खांद्यावरच्या मूर्तीसारखी डुलत चालले होते, आणि मला धरणारा कायेतानो दर दहा पावलांनी पोट धरून उभा राहत होता.

"चल ना रे! आठ वाजतील!"

"बाई, मी चालत नाहीये, मी गाभण आहे!"

मंडळाच्या दारात त्रिनी लाल पोशाखात येरझारा घालत होती. तिनं आधी कायेतानोचा वास घेतला, मांजरी घेते तसा. "कोरडे! काका, अगदी कोरडे!" तिनं मला मिठी मारली. आणि मिठीतच थबकली. मान मागे घेऊन माझ्याकडे बघितलं.

"मावशी?"

"नेम मोडला नाही गं," मी म्हणाले. "मांसाचा एक कण नाही!"

ती पुढे काही बोलणार तोवर आतून अध्यक्ष बाल्तासार यांचा आवाज आला, "मुलगी आली का? का यंदाही नुसती गिटार?" ती आत पळाली.

मला पहिल्या रांगेत बसवलं. मंडळाबद्दल एक सांगायला हवं. तिथं माणूस उशिरा आला तर चालतं, झोपला तर चालतं. पण चुकीच्या जागी टाळी वाजवली, नाहीतर तालाबाहेर 'ओले' अशी दाद दिली, तर त्या घराण्याचं नाव तीन पिढ्या काढतात. गाणं सुरू झालं, की माश्यासुद्धा भिंतीला चिकटून बसतात.

गिटार सुरू झाली. त्रिनीनं एक हात वर नेला. तिची सुयांनी भोकं पाडलेली बोटं हवेत फुलासारखी उघडली आणि मला हुंदका आला. कायेतानोनं श्वास घेतला. म्हणजे घ्यायला गेला. पण श्वास ठेवायला आत जागाच नव्हती! बरगड्या, गोळे, सॉसेज, सगळे आधीच बसलेले!

"आऽऽय... पहाटेच्या ताऱ्याऽऽ..." एवढंच बाहेर आलं आणि तो थांबला. चेहरा वांग्यासारखा.

आता माझी परिस्थिती समजून घ्या. शुक्रवार. संध्याकाळी आठ. एकतीस वर्षं या वेळी मी लितानीत असते. पुढे बसलेला मरियामातेचं एकेक नाव घेतो आणि आम्ही बायका उत्तर देतो. आणि "पहाटेच्या ताऱ्या" हे तर तिचंच नाव! माझ्या डोक्यानं विचार केलाच नाही. पाच पेल्यांनंतर तिथं कुणी नव्हतंच.

"आमच्यासाठी विनंती कर!" मी म्हणाले. मोठ्यानं. आणि चर्चच्या रेंगाळत्या चालीत, म्हणजे तालाच्या मागे चांगली दीड मात्रा!

सभागृह गार पडलं. अध्यक्षांची मान माझ्याकडे वळली ती किल्ली फिरवल्यासारखी. त्रिनीचे डोळे विस्फारले. पण पाय थांबले नाहीत.

कायेतानोला मात्र काहीतरी उमगलं. त्यानं तेवढ्यात अर्धा श्वास मिळवला होता. "आऽय... मिटलेल्या फुलाऽऽ..."

मी ओठ दाबून धरले. पण मागच्या रांगेत आमच्या लितानीच्याच सात विधवा बसल्या होत्या. एका सुरात सातही जणी, "आमच्यासाठी विनंती कर!"

झालं! म्हाताऱ्याला गाडी मिळाली. दोन शब्द तो म्हणायचा, बाकी आम्ही, आणि तेवढ्यात तो ढेकर जिरवायचा. "उंच मनोऱ्याऽऽ" - "आमच्यासाठी विनंती कर!" "बंद दाराऽऽ" - "आमच्यासाठी विनंती कर!" प्रत्येक वेळी दीड मात्रा मागे! गिटारवाला घामानं भिजला. आणि मध्ये माझी पोर! आम्ही जिथं ताल पाडायचो, तिथून ती टाचेनं तो उचलायची. आम्ही मागे ओढायचो, ती पुढे खेचायची, जणू गाडाभर विधवा एकटी चढावर नेत होती. शेवटच्या फेरीत ती अशी गरकन फिरली आणि नेमक्या मात्रेवर अशी उभी राहिली, की भिंतीवरची घोड्याची नाल खाली पडली.

कुणी टाळी वाजवेना. सगळे अध्यक्षांकडे बघत होते.

बाल्तासार उठले. त्यांची मिशी थरथरत होती. "चाळीस वर्षांत," ते म्हणाले, "या सभागृहात तालावर असा अत्याचार झाला नाही." मग त्रिनीकडे वळले. "आणि या अत्याचारात जी मुलगी एक मात्रा सोडत नाही, ती भूकंपातही सोडणार नाही. कॉर्पसला हीच नाचेल!"

त्रिनी रडली. कायेतानो खुर्चीत आडवा झाला. मी आनंदानं "ओले!" म्हणाले. तेही उशिरा.

दुसऱ्या दिवशी, डोकं दोन हातांत धरून, मी पापकबुलीला गेले. जाळीपलीकडे फादर इलारिओ.

"फादर, काल मी..."

"माहीत आहे, सोकोरो. मी तिसऱ्या रांगेत होतो."

मी जाळीला कपाळ टेकवलं.

"पाच पेले वाइन," ते म्हणाले. "क्षमा केली. फेर्मिनबद्दल मनात आणलेले विचार, क्षमा केली. मातेची लितानी नाचगाण्यात म्हणालीस. तिला आवडलीही असेल, क्षमा केली."

"आणि फादर, ते... तालाचं?"

जाळीपलीकडून एक लांब सुस्कारा आला.

"ते बाल्तासारना विचार, बाई. तेवढा मोठा अधिकार मला नाही."