सासूबाईंचा निवांत नौकाविहार

हे मी रागातच सांगतोय. शांत झाल्यावर सांगू असं ठरवलं होतं, पण उन्हाळा सरून हिवाळा लागला तरी शांत व्हायची काही चिन्हं दिसेनात. तेव्हा म्हटलं, रागात तर रागात.

झालं असं की, सासूबाईंना ऐंशी वर्षं पूर्ण होत होती. सासूबाई, म्हणजे रिपेका, टाउपो सरोवराच्या काठी जन्मल्या, तिथंच वाढल्या, आणि आता तिथंच बसून जावयाला नावं ठेवतात. वाढदिवसाला काय हवं म्हणून विचारलं तर म्हणाल्या, "मला काही नको. दोन्ही मुलींना घेऊन एकदा होडीतून कड्यापाशी जायचंय. पूर्वजाला भेटायचंय. निवांत."

कड्यात कोरलेला तो आमच्या पूर्वजाचा चेहरा पाण्यातूनच बघता येतो. ('आमच्या' म्हणजे सासरच्यांच्या. मी उत्तरेकडचा, समुद्रकाठचा. या मंडळींच्या लेखी मी अजून पाहुणाच.) तो कोरला गेला तेव्हा सासूबाई तरुण होत्या आणि सासरे त्यांना दर रविवारी शिडाच्या होडीतून तिथं न्यायचे. हट्ट काही फार मोठा नव्हता. अडचण होती ती 'दोन्ही मुलींना घेऊन' या तीन शब्दांत.

माझी बायको मेरेआना थोरली, हिनेवाई धाकटी. दोघी दोन वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या. कारण सांगतो, हसू नका. सासऱ्यांच्या वर्षश्राद्धाला सगळा गोतावळा जमला होता. जेवण नेहमीसारखं जमिनीत खड्डा करून, तापल्या दगडांवर, वरून माती ओढून. खड्डा वेळेआधी उघडला गेला आणि चार गावच्या पाहुण्यांच्या पानात कच्चं डुक्कर पडलं. आमच्यात याहून मोठी नामुष्की नाही. खड्डा उघडायला हिनेवाईनं सांगितलं, असं मेरेआना म्हणे. मेरेआनानं सांगितलं, असं हिनेवाई म्हणे. तेव्हापासून एक बाई खोलीत आली की दुसरी उठून जायची.

होडीत मात्र उठून जायला जागा नसते. हे माझ्या लक्षात यायला हवं होतं.

बायको म्हणाली, "पर्यटकांच्या मोठ्या बोटीची तिकिटं काढ. आईला खुर्ची मिळेल, चहा मिळेल."

इथं माझी मती फिरली. मी म्हणालो, "आपल्याच पूर्वजाला भेटायला तिकीट काढून जायचं? मी नेतो शिडाच्या होडीतून. समुद्रकाठचं रक्त आहे माझं!"

"तुझं रक्त आहे," बायको म्हणाली, "होडी तुझ्या आजोबांना येत होती."

पण ठरलं ते ठरलं. नगरपालिकेत माझ्या शेजारच्या टेबलावर मरी म्हणून एक गोरा गृहस्थ बसतो. त्याच्याकडे शिडाची होडी होती. किल्ली देताना तो म्हणाला, "वारा पडला तर मागं छोटं इंजिन आहे. फक्त रागानं दोरी ओढू नकोस. रागानं ओढली की ते चालू होत नाही."

"मी कशाला रागावतोय?" मी म्हणालो. (हे वाक्य बायकोला सांगितलं तेव्हा ती बराच वेळ हसत होती.)

वाढदिवसाच्या सकाळी धक्क्यावर आलो तर दोघी बहिणी आधीच हजर. एक धक्क्याच्या या टोकाला, दुसरी त्या टोकाला. होडीतही तसंच. हिनेवाई पुढच्या टोकाला जाऊन बसली, मेरेआना मागच्या. मध्ये घोंगडी पांघरून सासूबाई. आणि मी सुकाणू, शीड आणि टपालखातं, तिन्ही सांभाळायला.

"होहेपा," बायको म्हणाली, "पुढं बसलेल्या बाईंना सांग, वाकून बस. शिडाची दांडी डोक्याला लागेल."

"हिनेवाई, वाकून बस," मी म्हणालो.

"दाजी, मागच्या बाईंना सांगा, मी होडीत वाढलेय. मला अक्कल शिकवू नका म्हणावं."

"तुम्ही दोघी सरळ..."

"सांगा ना!" दोघी एकदम ओरडल्या. दोन वर्षांत त्यांचं एकमत झालेली ही पहिली गोष्ट.

सरोवराच्या मध्यावर आलो आणि वारा पडला. पडला म्हणजे काय, मेलाच. शीड वाळत घातलेल्या चादरीसारखं लोंबायला लागलं. पाणी असं स्तब्ध की त्यात स्वतःचा चेहरा दिसावा. दिसला. मला तो आवडला नाही.

इंजिनची दोरी मी अगदी प्रेमानं ओढली. काही नाही. पुन्हा ओढली. इंजिननं एक ढेकर दिली. मग मी मरीला, मरीच्या इंजिनला आणि ते बनवणाऱ्या कारखान्याला जे काही बोललो ते सासूबाईंच्या देखत बोलायला नको होतं.

"जावईबापू," सासूबाई म्हणाल्या (त्या मला 'जावईबापू' म्हणाल्या की समजावं, पारा चढलाय), "मी निवांत म्हणाले होते."

तेवढ्यात पर्यटकांची मोठी बोट बाजूनं गेली. लाउडस्पीकरवर एक बाई खणखणीत आवाजात वर्णन करत होती. सगळे खुर्च्यांत बसून चहा पीत होते. मी बायकोकडे बघितलं नाही. पण ती माझ्याकडे बघत होती, हे मला पाठीनं कळत होतं.

वाऱ्याची वाट बघत शिदोरी उघडली. मेरेआनानं तळलेले पाव आणले होते. हिनेवाईनं बटाट्याच्या आंबवणाचा मोठा पाव भाजून आणला होता. म्हणजे दोघींनी 'आईचा आवडता' पाव आणला होता आणि सासूबाई म्हणाल्या, "मला भूक नाही. होहेपाला द्या."

मी तळलेला पाव खाल्ला. "छान झालाय."

"म्हणजे माझा वाईट?" पुढून आवाज आला.

मी भाजलेला खाल्ला. "हाही छान झालाय."

"हाही?" मागून आवाज आला. "हाही म्हणजे काय? माझ्याइतकाच?"

मी दोन्ही पाव एकदम तोंडात कोंबले, म्हणजे बोलायलाच नको. आणि नेमका तेव्हा वारा सुटला.

असा सुटला, जणू कुणी दार उघडलं. शीड फुगलं, होडी एका कुशीवर कलली आणि सुसाट निघाली. मी सुकाणूला लटकलो होतो. होडी मला नेत होती की मी होडीला, हा वादाचा मुद्दा आहे. (बायकोच्या मते वादाचा नाही.) वळसा घालून आम्ही खाडीत शिरलो आणि समोर कातळात तो चेहरा उभा राहिला. रुंद कपाळ, गालांवर गोंदणाच्या गोल रेघा, आणि ती शांत नजर थेट आमच्यावर.

सासूबाई घोंगडी सारून ताठ बसल्या. डोळे भरून आले होते त्यांचे. हळूच म्हणाल्या, "आलो बाबा. उशीर झाला." मग माझ्याकडे वळून, "तोंडातलं आधी गिळ. पूर्वजासमोर चावत येतात का?"

मी गिळलं. न चावलेले दोन पाव एकदम गिळणं काय असतं, ते मी सांगत नाही.

सासूबाईंनी मंत्र म्हणायला सुरुवात केली. तो जुना, कापरा आवाज कड्यावर आपटून परत येत होता. माझ्याही अंगावर काटा आला. पर्यटकांची बोट जरा लांब उभी होती. तिचा लाउडस्पीकरसुद्धा गप्प झाला.

आणि मागून मेरेआना कुजबुजली, "होहेपा, पुढच्या बाईंना सांग, टोपी काढा म्हणावं. वडील असते तर काय म्हणाले असते?"

"दाजी," पुढून हिनेवाई फिस्कारली, "वडिलांच्या नावानं कच्चं डुक्कर वाढणाऱ्यांनी मला सांगू नये म्हणावं!"

सासूबाईंचा आवाज मध्येच थांबला.

माझ्या आत काहीतरी तुटलं. नगरपालिकेत मी इतकी वर्षं लोकांच्या शिव्या खातो, कधी ब्र काढला नाही. पण ऐंशी वर्षांच्या बाईचा मंत्र अर्धवट राहिला, तिची मान खाली गेली, ते बघून माझा ताबा सुटला. मी सुकाणू सोडलं आणि होडीत ताठ उभा राहिलो.

"पुरे!" मी गरजलो. "दोन वर्षं तुमचे निरोप पोहोचवतोय! लाजा वाटत नाहीत? आईकडे बघा, तुमच्यापायी तिनं... आजपासून या घरात माझा शब्द..."

माझा शब्द काय, ते जगाला कधीच कळणार नाही. कारण सुकाणू सोडलेली होडी गर्रकन फिरली आणि शिडाची आडवी दांडी माझ्या पाठीत बसली. मी पूर्वजाच्या डोळ्यांदेखत हात पसरून पाण्यात गेलो.

आमचं सरोवर ऐन उन्हाळ्यातही थंडगार. वर आलो तेव्हा श्वास कुठं ठेवला होता तेच आठवेना. अंगात नारिंगी लाइफ जॅकेट होतं म्हणून तरंगलो. बघतो तर होडी कलंडत कड्याकडे निघालेली, आणि सासूबाई दोन्ही हातांनी काठ धरून बसलेल्या. त्या क्षणी माझा राग कुठल्या कुठं गेला. नुसती भीती उरली. मी ओरडायला तोंड उघडलं तर पाणीच आत आलं.

तेवढ्यात हिनेवाईचा आवाज आला. "ताई! दोरी सोड!"

दोन वर्षांनी 'ताई'.

"कुठली?"

"डावी! डावी गं! बहिरी झालीस का?"

"सोडली! तू पुढचं शीड ओढ! ओढ ना, बघतेस काय!"

"ओढतेय! सुकाणू धर आधी!"

वडिलांनी लहानपणी शिकवलेलं सगळं दोघींच्या हातांत जसंच्या तसं होतं. कडा अगदी हाताशी आला असताना होडी सरळ झाली आणि लोण्यातून सुरी फिरावी तशी वळली. पर्यटकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या असत्या, पण बोटं वळत नव्हती.

वाटलं, आता या मला घ्यायला येतील. पण तोंडं एकदा उघडली होती ना!

"खड्डा तूच उघडायला लावलास!" मेरेआना सुकाणूवरून ओरडली.

"मी नाही! मला वाटलं तू सांगितलंस!"

"मी कशाला सांगेन? मी भाज्या चिरत होते!"

"मग कुणी सांगितलं?"

"मी," सासूबाई म्हणाल्या.

होडीत शांतता पसरली. पाण्यातही पसरली, माझे दातसुद्धा वाजायचे थांबले.

"मला भूक लागली होती," सासूबाई म्हणाल्या. "पोरांना म्हटलं, बघा रे झालंय का. ती काय, खड्डा मोकळा करून बसली."

"आई! मग दोन वर्षं बोलली का नाहीस?"

"मला कुणी विचारलंच नाही. तुम्ही दोघी इतक्या ठामपणे ओरडत होतात, मलाही वाटायला लागलं की तुमच्यापैकीच कुणीतरी असेल."

आता रागाला कुठं तरी जागा हवी असते. वाढदिवस असलेल्या आईवर तो काढता येत नाही, आणि एकमेकींवर काढायला कारण उरलं नव्हतं. दोघींनी एकदम वळून पाण्यात बघितलं.

"ताई," हिनेवाई म्हणाली, "तुझा नवरा गाढव आहे. वाऱ्यात सुकाणू सोडून भाषण करतो!"

"मला सांगतेस?" मेरेआना म्हणाली. "मी तिकिटं काढ म्हणाले होते."

"अगं, तो बुडतोय का बघा," सासूबाई म्हणाल्या.

"जॅकेट आहे ना? तरंगेल."

त्यांनी वळायचा प्रयत्न केला, नाही असं नाही. पण वारा त्यांना खाडीबाहेर घेऊन निघाला, आणि खरं सांगू? लांबून मला त्या तिघींचं हसणं ऐकू येत होतं.

मला मोठ्या बोटीनं उचललं. घोंगडी दिली, खुर्ची दिली, चहा दिला, आणि कशासाठी निघालो होतो ते सगळं काढून घेतलं. एका म्हाताऱ्या पर्यटक बाईंनी लाउडस्पीकरवाल्या बाईला विचारलं, "हे रोजच्या कार्यक्रमात असतं का?"

"नाही हो," ती म्हणाली. "आज वाढदिवस आहे."

त्या पर्यटक बाई फार भल्या. त्यांनी कड्यासमोर काढलेला एक फोटो मागाहून पाठवून दिला. विलक्षण फोटो आहे. मागं तो भव्य चेहरा, पुढं फुगलेलं शीड, सुकाणूवर मेरेआना, दोरीला हिनेवाई, मध्ये राणीसारख्या सासूबाई, आणि तिघींची तोंडं उघडी. खाली कोपऱ्यात, पाण्यात, एक नारिंगी ठिपका. तो मी.

सासूबाईंनी तो मोठा करून घेतला, छान चौकट केली आणि दिवाणखान्यात मधोमध लावला. मी कौतुकानं बघायला गेलो. जवळून पाहिलं, चष्मा पुसून पुन्हा पाहिलं.

"आई, यात मी कुठंय?"

"अय्या, तो तू होतास?" सासूबाई म्हणाल्या. "मी डाग समजून कापायला सांगितला."