सम्राटांच्या पाठीतली उसण

क्योतोच्या राजवाड्यात नववर्षाच्या पहाटे चारी दिशांना नमस्कार घालताना, शेवटच्या दिशेकडे वळता वळता, सम्राटांच्या पाठीत उसण भरली. त्या दिशेचा नमस्कार अर्धाच राहिला. दिशेने काही तक्रार केली नाही, पण सम्राट जे वाकले ते सरळ होईनात.

एरवी हे फार मोठं संकट नव्हे. राज्य चालवण्याची कटकट दूर एदो शहरातल्या शोगुनसाहेबांनी, म्हणजे सरसेनापतींनी, कधीच स्वतःकडे घेतली होती. कर, रस्ते, तुरुंग, तांदळाचा भाव, कुणाचं मुंडकं ठेवायचं नि कुणाचं उडवायचं, सगळं तिकडे. सम्राटांकडे एकच काम उरलं होतं: रोज सकाळी सिंहासनावर ताठ बसायचं आणि हलायचं नाही. ते डावीकडे कलले तर डावीकडच्या प्रांतांत भूकंप, मान खाजवली तर दुष्काळ, असं दरबाराचं पिढीजात शास्त्र होतं. बिचारा माणूस लहानपणापासून नाकावरची माशी देशहितासाठी सहन करत आला होता. आता मात्र ठणका असा, की देशाचं काही खरं नव्हतं.

राजवैद्य मिझुशिमा आले. सम्राटांच्या अंगाला हात लावायचा नाही म्हणून त्यांनी रेशमी रुमालावरून नाडी पाहिली, म्हणजे बहुतेक रुमालाचीच पाहिली. तरी निदान बरोबर निघालं, कारण सम्राट समोर कण्हत होते. उपाय एकच होता, डाग देण्याचा. योमोगी नावाच्या झुडपाच्या वाळल्या पाल्याची गोळी कातडीवर ठेवायची आणि पेटवायची. सान्जो पुलावरचे हमाल असे डाग येता-जाता घेतात आणि पुन्हा ओझं उचलून चालू लागतात.

"मग द्या की," सम्राट म्हणाले.

वैद्यांनी कपाळ जमिनीला टेकवलं. "महाराजांच्या अंगावर व्रण पडता कामा नये. गादीवर असेपर्यंत तरी नाही."

"आणि गादी सोडली तर?"

"मग काय, हवं तितकं भाजू."

सम्राटांनी तिथल्या तिथे गादी सोडायचं ठरवलं. पाठ दुखत असली की माणसाला सिंहासनाचं फारसं काही वाटत नाही. पण सम्राटांना गादी सोडायलाही शोगुनसाहेबांची मंजुरी लागे, आणि एदोशी बोलणी करायचं काम मुनेकाता नावाच्या ज्येष्ठ दरबाऱ्याकडे होतं. मुनेकाता गेले इवाबुचींकडे. हे इवाबुची म्हणजे शोगुनसाहेबांनी क्योतोवर नजर ठेवायला बसवलेले अधिकारी. त्यांनी चहा पाजला आणि समजावलं, की पाठदुखी हे कारण चालणार नाही. सम्राटांना दुखतं म्हणजे आकाशाची मर्जी खप्पा झाली, आणि आकाशाची मर्जी खप्पा झाली म्हणजे कुणा ना कुणा सरकारी माणसाला पोट फाडून घ्यावं लागणार. तो माणूस आपणच असू, अशी इवाबुचींना रास्त भीती होती. तेव्हा अभ्यासाची ओढ लागली असं कळवा, ते फार शोभून दिसतं.

कळवलं. बर्फ वितळू लागल्यावर एदोहून उत्तर आलं. शोगुनसाहेबांना अत्यंत आनंद झाला होता. सम्राटांनी अभ्यास करावा असं एदोने दरबारासाठी केलेल्या कायद्याच्या पहिल्याच कलमात म्हटलेलं असल्यामुळे, ज्यांना अभ्यासाची इतकी ओढ आहे त्यांच्यासारखा लायक सम्राट दुसरा मिळणं कठीण, सबब अर्ज कौतुकासह फेटाळण्यात येत आहे. सोबत खारवलेला मासा भेट होता.

मग नाइलाजाने खरं कारण सांगावं लागलं. एदोने ते गांभीर्याने घेतलं आणि पाठ-तपासणी मंडळ नेमलं. मंडळ थाटात आलं. पण सम्राटांचं दर्शन घेण्याइतका दर्जा मंडळात कुणालाच नव्हता, म्हणून त्यांनी सम्राटांच्या बसायच्या गादीची तपासणी केली. गादी उलटी केली, सुलटी केली, दाबून पाहिली. गादीत दोष आढळला नाही. तरीही मंडळ उदार होतं. दूरच्या देवळांतली पूजा सम्राटांच्या वतीने दुसराच माणूस करतो, यात्रेला दुसराच जातो, मग उपचारही दुसऱ्यावर करायला कायद्याची आडकाठी नाही, असा त्यांनी निर्वाळा दिला. दर्जा पाहता मान मुनेकातांना मिळाला. त्यांना राजवाड्याच्या मधल्या चौकात पालथं घालून, वाद्यं वाजवून, विधिपूर्वक भाजण्यात आलं. त्यांची कित्येक वर्षांची गुडघेदुखी थांबली. संध्याकाळी सम्राट पूर्ण बरे झाल्याचं जाहीर झालं, देवळांतून घंटा वाजल्या आणि आरोग्यलाभाचा सोहळा ठरला. त्यात सम्राटांनी सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत ताठ बसायचं होतं.

हे ऐकून सम्राट रडले. लहान मुलासारखे रडले, आणि का रडू नये?

सगळा दरबार सोहळ्याच्या तालमीला गेलेला पाहून त्यांनी ओसानेला बोलावलं. ओसाने त्यांची दाई. तिला कमी ऐकू यायचं, दिसायचंही कमी, पण तिच्याएवढं त्यांना कुणी ओरडलं नव्हतं.

"ओसाने, मला भाज."

"वेड लागलंय का बाळराजे? फासावर देतील मला."

"तुला फाशी दिली तर मी हलेन. चांगला गदागदा हलेन. मग होऊ दे काय भूकंप व्हायचा तो."

म्हातारी पुटपुटत योमोगी घेऊन आली. नेम धड नव्हता. एक गोळी खांद्यावर पेटली, एक भलतीकडेच. पण जी लागली ती अशी लागली, की चार-दोन दिवसांत सम्राट सरळ उभे राहिले. आनंदाच्या भरात ते खोलीत थोडे नाचलेसुद्धा. देशात कुठेही भूकंप झाला नाही. या गोष्टीची दखल कुणी घेतली नाही.

दखल घेतली गेली ती व्रणांची. सोहळ्याच्या सकाळी पोशाख चढवणाऱ्या बाईंनी पाठ पाहिली आणि त्या ओरडत बाहेर धावल्या. दरबार गोळा झाला. बराच खल झाल्यावर मुनेकाता अदबीने पुढे आले.

"सम्राटांच्या अंगावर व्रण नसतो. या अंगावर आहेत. तेव्हा हे अंग सम्राटांचं नव्हे."

"मग मी कोण?"

"तेच इवाबुचीसाहेबांना विचारलंय."

इवाबुची म्हणाले, कोण का असेना, एदोच्या मंजुरीशिवाय गादी रिकामी राहता कामा नये. मग गादीवर राजमुकुट ठेवला. मुकुट दिवसभर बसला. डावीकडे कलला नाही, कण्हला नाही, शिंकला नाही. पडद्याआडून दर्शन घेतलेल्या लोकांचे डोळे भरून आले. महाराजांची तब्येत अशी कधी पाहिली नव्हती, असं सगळे म्हणाले. एदोहूनही समाधान व्यक्त झालं.

त्या माणसाला मागच्या भाजीच्या मळ्याजवळ एक खोली मिळाली. राजवाड्यात त्याच्यापर्यंत येईस्तोवर प्रत्येक घास चाखून चाखून गार झालेला असे. इथे त्याने आयुष्यात प्रथमच वाफाळतं तोफू खाल्लं, जीभ भाजून घेतली आणि पुन्हा वाढून मागितलं. पाठ ठणठणीत होती. दिवस चेरी फुलायचे होते आणि त्याने कामो नदी कधी पाहिली नव्हती. जावं का, असं त्याने मुनेकातांना विचारलं. रोज सगळ्यांबरोबर तोही गादीला नमस्कार करायचा, तेव्हा विचारणं ओघानेच आलं. मुनेकाता त्याची विनंती घेऊन आत गेले, मुकुटापुढे वाकले, बराच वेळ थांबले आणि परत आले.

"काय म्हणाले महाराज?"

"काही म्हणाले नाहीत."

"म्हणजे नको म्हणाले?"

"जा तरी कुठे म्हणाले?"

हे त्याला पटलं. मळ्याच्या दाराला कडी नव्हती, पहारा नव्हता, मुळ्याची टोपली डोक्यावर घेतलेली बाई त्यातून खुशाल ये-जा करत होती. तिला कुणी नियम सांगितलेले दिसत नाहीत, असं मनाशी म्हणत तो खोलीत जाऊन बसला. नदी तिथून हाकेच्या अंतरावर होती.

हसू नका. ज्यांच्या परवानगीवाचून तुमचं सगळं अडून राहिलंय, त्यांना तुम्ही शेवटचं कधी पाहिलंत, तेवढं सांगा.